खरपुडी

आमच्या घरी चतुर्थीला बटाट्याच्या काचऱ्या होत, आणि त्या लोखंडी कढईतच होत. आजी बटाट्याचे पातळ काप करून पाण्यात टाकी, निथळून घेई, तुपात जिरे-मिरची तडतडली की कढईत सोडी आणि झाकण न ठेवता मंद आचेवर ठेवून देई. हलवण्याची तिला घाई नसे. त्यामुळे काही काप तळाला धरत, तांबूस होत, कडेने काळपट होत, आणि शेवटी उलथन्याने खरवडून काढावे लागत. त्या खरवडीला आम्ही खरपुडी म्हणत असू. दुधाची, भाताची आणि काचऱ्यांची अशा तीन खरपुड्यांत काचऱ्यांची सर्वश्रेष्ठ, याविषयी आम्हा चारही भावंडांचे एकमत होते. ती वाटून घेण्यावरून जेवढी भांडणे झाली तेवढी पुढे वडिलोपार्जित घरावरूनही झाली नाहीत.

१९९८ साली धातुशास्त्राच्या पुढील शिक्षणासाठी मी इंग्लंडमधील शेफील्ड येथे गेलो. पोलादाचे हे गाव. हॅरी ब्रिअर्ली यांनी १९१३ साली स्टेनलेस स्टीलचा शोध लावला तो तिथेच, त्यामुळे आमच्या शाखेच्या माणसाला त्या गावाचे जे अप्रूप असते ते मलाही होते. क्रूक्स भागातील चढावर दोन्ही बाजूंना भिंतीला भिंत लागून असलेल्या घरांपैकी एका घरात मी वरची खोली भाड्याने घेतली. घरमालकीणबाई साठी ओलांडलेल्या, एका शाळेच्या स्वयंपाकघरातून निवृत्त झालेल्या, आणि बोलण्यात काटकसरी होत्या. पहिल्या रविवारी दुपारी त्यांनी खालून हाक मारली. यॉर्कशरमध्ये दुपारच्या जेवणालाच डिनर म्हणतात, हे ठाऊक नसल्याने मी नुकतेच पाव आणि लोणचे खाऊन बसलो होतो. तरीही गेलो. मी मांस खात नाही हे त्यांना सांगून ठेवले होते, म्हणून माझ्या ताटात गाजरे, वाटाणे, कोबी आणि ओव्हनमध्ये भाजलेले चार बटाटे एवढेच होते. त्यातला एक बटाटा मी काट्याने दाबला तर तो दबला नाही, त्याचे कवच टचकन फुटले आणि आतून वाफ आली. तोंडात घातल्यावर पहिला विचार आला तो असा, की ही तर चहूबाजूंनी खरपुडीच आहे.

आजीच्या कढईत जे चुकून, तळाला, मूठभर होई, ते इथे मुद्दाम, सगळीकडून आणि ट्रेभर केलेले होते. पुढची दोन वर्षे मी त्या बाईंच्या स्वयंपाकघरात दर रविवारी साडेअकरा वाजता हजर राहू लागलो.

शाकाहारी माणसाला या पदार्थात पहिली अडचण येते ती स्निग्धाची. हे बटाटे परंपरेने गोमांस भाजताना सुटणाऱ्या चरबीत होतात. तिला ड्रिपिंग म्हणतात आणि तिच्या वड्या दुकानात लोण्यासारख्या मिळतात. नाताळात तिची जागा हंसाची चरबी घेते. बाईंनी यावर काही चर्चा केली नाही, एक लहान ट्रे वेगळा काढला, त्यात सूर्यफुलाचे तेल घातले आणि तो ट्रे माझा असे जाहीर केले. त्या वेळी मला स्वतःच्या सोवळेपणाविषयी जे समाधान वाटले ते फार टिकले नाही. यॉर्कशरमध्ये मासे आणि बटाट्याच्या चिप्स विकणारी बरीचशी दुकाने चिप्ससुद्धा याच चरबीत तळतात, ही माहिती मला तिसऱ्या महिन्यात मिळाली, आणि तोवर मी कोपऱ्यावरच्या दुकानातून दर शुक्रवारी संध्याकाळी चिप्स आणून खात होतो. आईला हे मी आजवर सांगितलेले नाही.

बाईंची रीत साधी होती, पण तिच्यात एकही पायरी शोभेची नव्हती. बटाटे सोलायचे आणि मोठे कापायचे. प्रत्येक फोडीला जितक्या सपाट बाजू जास्त तितके चांगले, कारण सपाट बाजूच ट्रेला नीट टेकते. थंड पाण्यात भरपूर मीठ घालून त्यांना उकळी आणायची आणि उकळी आल्यावर दहा मिनिटे शिजवायचे. सुरी आत गेली पाहिजे, पण फोड सुरीवरून आपोआप घसरून पडता कामा नये. मग पाणी काढून टाकायचे, फोडी चाळणीत पसरायच्या आणि थांबायचे. त्या थांबण्याच्या वेळात बाई खिडकीशी उभ्या राहून चहा पीत. फोडींवरून वाफ निघत असे, हळूहळू ती विरळ होई, आणि चकाकणारा पृष्ठभाग खडूसारखा पांढरट दिसू लागे. तसा तो दिसल्यावर फोडी परत कोरड्या पातेल्यात घालून, झाकण दाबून धरून, त्या पातेल्याला तीन हिसके देत. पहिल्या हिसक्याला आतून टणक आवाज येई, दुसऱ्याला जरा बसका, तिसऱ्याला जवळजवळ मऊ. चौथा हिसका मी एकदा हौसेने दिला आणि त्या रविवारी सर्वांना बटाट्याचा लगदा खावा लागला.

झाकण काढल्यावर आत जे दिसते ते आपल्याकडच्या स्वयंपाकिणीला बघवणार नाही. प्रत्येक फोडीच्या कडा ढासळलेल्या असतात, अंगावर पिठूळ लेप बसलेला असतो, आणि एकंदरीत भाजी फार शिजल्याचा देखावा असतो. आमच्या घरी रश्श्यातला बटाटा असा फुटला तर आई म्हणे, लक्ष कुठे होते तुझे. इथे मात्र सगळी मेहनत तो फुटावा म्हणूनच. जात्याला टाकी लावल्याशिवाय ते दळत नाही, तसेच हे आहे. गुळगुळीत फोडीला एकच पृष्ठभाग असतो. खडबडीत केलेल्या फोडीला शेकडो बारीक टेंगळे आणि खाचा असतात, त्यांत तेल शिरते, आणि प्रत्येक टेंगूळ स्वतंत्रपणे वाळून कडक होते. शिवाय शिजलेल्या पिठाचा तो लेप तेलात मिसळून फोडीभोवती एक पातळ सारवण तयार होते, आणि कवच म्हणून आपण जे दातांनी फोडतो ते मुख्यतः तेच.

दरम्यान ट्रेमधले तेल ओव्हनमध्ये तापत असे. बाईंच्या ओव्हनवर अंश लिहिलेले नव्हते, गॅस मार्कचे आकडे होते, आणि बटाट्यांचा आकडा सात, म्हणजे सुमारे २२० अंश सेल्सियस. तापलेल्या तेलात चिमट्याने एकेक फोड ठेवायची, ती ठेवताना चुर्र झाले पाहिजे, आणि दोन फोडींमध्ये बोटभर जागा राहिली पाहिजे. वीस मिनिटे दार उघडायचे नाही. मग उलटायच्या. पुन्हा वीस मिनिटे, पुन्हा उलटायच्या, आणि शेवटी ट्रे हलवून ऐकायचे. बाई डोळ्यांपेक्षा कानावर जास्त विसंबत. ट्रेमध्ये बटाटे लाकडी ठोकळ्यांसारखे खडखडले की ते झाले.

इंग्रजीत या क्रियेला रोस्ट करणे म्हणतात. आपल्याकडे भाजणे म्हटले की कोरडे, तळणे म्हटले की बुडत्या तेलात, परतणे म्हटले की हात सतत चालू, आणि शेकणे म्हटले की निखारा किंवा तवा. तापल्या तेलात थोडा बसलेला आणि वरून कोरड्या गरम हवेने वेढलेला बटाटा या चारांपैकी कशातच पुरता मावत नाही. मी भाजणे म्हणतो, कारण आई तसे म्हणते.

स्वतःच्या हाताने केलेले माझे पहिले बटाटे चामड्यासारखे झाले होते. दुकानातून मी शार्लोट नावाचे लहान, पिवळसर, तुकतुकीत बटाटे आणले होते, कारण ते दिसायला देखणे होते. बाईंनी पिशवी पाहिली आणि हे कोशिंबिरीचे आहेत, एवढेच म्हणाल्या. दुसऱ्या दिवशी त्यांनी मला कॅसल मार्केटमध्ये पाठवले आणि मॅरिस पायपर आणायला सांगितले. या जातीचे नाव केंब्रिजजवळील ट्रम्पिंग्टन येथील मॅरिस लेन या रस्त्यावरून पडले आहे; वनस्पती पैदास संस्था तिथे होती आणि तिने ही जात १९६६ साली बाजारात आणली. मुळांना लागणाऱ्या सूत्रकृमीला दाद न देणारी म्हणून ती शेतकऱ्यांना हवी होती. भाजल्यावर उत्तम कुरकुरीत होते म्हणून ती पुढे घराघरांत गेली. तिच्या आधीचा मान १९०२ सालच्या किंग एडवर्ड जातीचा होता, आणि बाईंच्या आई तोच वापरीत. दोन्ही बटाटे पिठूळ. पिठूळ बटाट्यात स्टार्च जास्त आणि पाणी कमी असते, शिजल्यावर त्याच्या पेशी एकमेकींपासून सुटतात, म्हणून हिसका दिला की पृष्ठभाग ढासळतो. चिकट जातीच्या बटाट्याच्या पेशी एकमेकींना धरून राहतात. त्याला कितीही हिसके द्या, तो तसाच गुळगुळीत. कोणता बटाटा कोणत्या जातीचा हे कळत नसेल तर एक भाग मीठ आणि अकरा भाग पाणी मापून मिसळावे आणि त्यात बटाटा सोडावा. पिठूळ असेल तर बुडतो, चिकट असेल तर तरंगतो.

वाफ जाऊ देण्याचे महत्त्व मला आमच्या शाखेमुळे लवकर पटले. पृष्ठभागावर पाणी आहे तोवर तिथले तापमान १०० अंशांच्या वर जात नाही, आणि लुई कामिय मायार या फ्रेंच रसायनशास्त्रज्ञाने १९१२ साली वर्णन केलेली तांबूसपणाची क्रिया जोमाने व्हायला सुमारे १४० अंश लागतात. पाणी उडवणे हे फार उष्णताखाऊ काम आहे. २० अंशांचे १०० ग्रॅम पाणी उकळीला आणायला जेवढी उष्णता लागते, तिच्या जवळजवळ सातपट उष्णता तेवढ्याच पाण्याची वाफ करायला लागते. ते पाणी चाळणीत फुकट उडून जात असेल, तर ओव्हनकडून ते काम करून घेण्यात शहाणपण नाही. ट्रेमध्ये दाटी करू नये याचेही कारण हेच, कारण दाटीत एकाची वाफ दुसऱ्याला लागते आणि बटाटे भाजण्याऐवजी उकडतात.

पाण्यात चिमूटभर खाण्याचा सोडा घालण्याची युक्ती मात्र बाईंची नव्हे; ती मी नंतर शिकलो. दोन लिटर पाण्याला अर्धा चमचा. भाजीच्या पेशींना सांधणारे पेक्टिन अल्कधर्मी पाण्यात लवकर विरघळते, त्यामुळे आतला भाग पूर्ण शिजण्याआधीच बाहेरचा थर ढासळायला तयार होतो. हे मी आईला मोठ्या उत्साहाने समजावून सांगितले तेव्हा ती म्हणाली, “म्हणजे चिंचेच्या उलट.” बटाट्याच्या आमटीत चिंचेचा कोळ आधी घातला तर फोडी कितीही उकळल्या तरी टणक राहतात, हे तिला तिच्या सासूने सांगितले होते. आम्लात पेक्टिन घट्ट राहते. मला ते समजायला पदवी लागली होती.

पुण्याला परतल्यावर दोन-तीन वर्षे माझे बटाटे बिघडत राहिले, आणि त्याचे खापर मी लहान ओव्हनवर फोडत होतो. ओव्हनचा दोष होताच. त्याचा ट्रे अर्ध्या किलोलाच पुरत होता आणि मी त्यात किलोभर कोंबत होतो. पण खरी गंमत निराळी होती. कवच कुरकुरीत होण्याच्या आधीच बटाटे काळपट तांबडे होत, आणि चवीला गोडसर, शेवटी कडवट लागत. एकदा मंडईत कांदा-बटाटा विकणाऱ्याकडे ही तक्रार बोलून दाखवली. त्याने एकच प्रश्न विचारला, “भाजीला पाहिजे की वेफरला?” मी जरा विचार करून वेफरला म्हणालो, तर तो म्हणाला, “मग हा नेऊ नका, हा कोल्ड स्टोरेजचा आहे. लाल होतो.”

शेफील्डच्या बाजारात जे वर्गीकरण मी दोन आठवड्यांत शिकलो होतो, ते आमच्या मंडईत पूर्वीपासून चालू होते आणि मी कधी विचारलेच नव्हते. उन्हाळ्यात वाळवणाचे वेफर आणि कीस करणाऱ्या बायका बटाटा गोड नाही ना, हे आधी विचारून घेतात. बटाटा चार अंशांच्या आसपास ठेवला की त्यातल्या स्टार्चची साखर होऊ लागते. आपल्याकडची नेहमीची शीतगृहे दोन ते चार अंशांवर चालतात, आणि वेफरच्या कारखान्यांसाठीचा बटाटा दहा-बारा अंशांवर ठेवतात, तो याचसाठी. साखर वाढलेला बटाटा भराभर तांबडा होतो; स्वीडनमधील संशोधकांनी २००२ साली तळलेल्या-भाजलेल्या पिठूळ पदार्थांत ॲक्रिलामाइड हे अपायकारक समजले जाणारे रसायन असल्याचे दाखवून दिले, ते अशा बटाट्यात अधिक तयार होते. ब्रिटनच्या अन्नविषयक संस्थेने २०१७ साली लोकांना सोनेरी रंगावर थांबा असे सांगण्याची मोहीमच काढली होती. माझे बटाटे बिघडत होते त्या काळात मी घरचा बटाटासुद्धा फ्रिजमध्ये ठेवत होतो, म्हणजे शीतगृहातून आलेल्यावर आणखी एक संस्कार. आता तो टोपलीत, अंधारात, कांद्यापासून दूर असतो.

पुण्याच्या बाजारात आग्रा आणि इंदूरकडून बटाटा येतो, आणि आपल्या मंचर-खेड भागातूनही. आंबेगाव तालुक्यातील सातगाव पठारावर तो पावसाळ्यात पिकतो. ताजा निघालेला बटाटा सालीला कोवळा आणि अंगाने ओलसर असतो, तो भाजीला उत्तम, पण भाजायला मी तो घेत नाही. सिमल्याच्या बटाटा संशोधन संस्थेने १९९८ साली कुफरी चिप्सोना या नावाने ज्या जाती दिल्या त्या साखर कमी आणि पिठूळपणा जास्त अशा मुद्दाम निवडलेल्या. त्या मिळाल्या तर प्रश्नच मिटतो. मिळाल्या नाहीत तर वेफरचा बटाटा मागावा आणि दुकानदारावर विश्वास ठेवावा.

आता पाल्याविषयी. बाईंच्या फाटकाजवळ रोझमेरीचे गुडघाभर झुडूप होते, आणि येता-जाता कोट त्याला घासला की बाहीला दिवसभर वास येई. बाई शेवटच्या दहा मिनिटांत एक काडी मोडून ट्रेमध्ये टाकत. आधी का नाही असे मी विचारले तेव्हा त्यांनी मला आधी टाकून पाहायला सांगितले. टाकली. २२० अंशांवर पाने पाच-सात मिनिटांत काळी झाली आणि बटाट्यांना जळक्या काडीचा कडू वास लागला. मी आता दुसरी रीत वापरतो. लहान कढल्यात पाव वाटीहून थोडे जास्त तेल, त्यात ठेचलेल्या लसणाच्या चार पाकळ्या आणि रोझमेरीची बारीक चिरलेली पाने घालून मंद आचेवर ठेवायची. लसूण सोनेरी होऊ लागला की लगेच गाळून घ्यायचे. या पाल्याचा वास तेलात उतरणारा असतो, पाण्यात तितका उतरत नाही. तेच तेल हिसका दिलेल्या फोडींना चोळायचे, आणि गाळणीत राहिलेली कुरकुरीत पाने व लसूण शेवटी, ट्रे बाहेर आल्यावर वरून टाकायची. आपण फोडणीचा अर्धा भाग वरून ओततो, त्याच जातीची ही गोष्ट आहे. ट्रे आधी तापवण्याऐवजी फोडींनाच तेल चोळल्याने चुर्र आवाजाला मुकावे लागते, आणि मला ते खटकते, पण चव चांगली येते.

गच्चीवर मी रोझमेरीची कुंडी आणली तेव्हा आईने पान चुरडून वास घेतला आणि निलगिरीचा वास येतो म्हणाली. तिचे नाक बरोबर होते. निलगिरीच्या तेलात जे सिनिओल असते ते रोझमेरीतही असते. कुंडी तिने तुळशीशेजारी ठेवली. वनस्पतिशास्त्राच्या हिशेबाने तिथेच तिची जागा आहे, कारण तुळस, पुदिना, सब्जा, रोझमेरी आणि थाइम ही सगळी एकाच कुळातली. थाइम मात्र आमच्याकडे जगली नाही. दोन पावसाळ्यांत दोन कुंड्या कुजल्या. तिच्या वासाचा मुख्य घटक थायमॉल, आणि ओव्याच्या वासाचाही मुख्य घटक तोच, हे वाचल्यावर मी तिसरी कुंडी आणली नाही. चमचाभर ओवा तळहातावर चुरडून शेवटच्या पाच मिनिटांत ट्रेवर भुरभुरवतो. शेफील्डच्या बाईंना हे कितपत मान्य झाले असते कोण जाणे.

मागच्या चतुर्थीला आईने विचारले, हे उपासाला चालतात का. लसूण बाद झाला, ओवाही बाद झाला. रोझमेरीवर ती जरा थांबली, आणि तुळशीच्या कुळातली आहे ना, मग चालेल, असा निकाल दिला. सूर्यफुलाच्या तेलाऐवजी साजूक तूप आले. बटाट्याबद्दल तिला शंका नव्हती. तो पोर्तुगीजांबरोबर आला, बटाटा हे त्याचे नावही त्यांच्याकडूनच आले, आणि मुळात ते दूरच्या बेटांवरच्या रताळ्याचे नाव होते, हे मी सांगत होतो तोवर ती सोलून मोकळी झाली होती.

तुपात बटाटे तेलापेक्षा लवकर तांबूस होतात, म्हणून ओव्हन २०० अंशांवर ठेवला आणि पाने अगदी शेवटी टाकली. ट्रे हलवून पाहिला. खडखडले. आई आता त्र्याऐंशी वर्षांची आहे, तिला कवच चावत नाही. तिने प्रत्येक बटाटा चमच्याने फोडून आतला मऊ भाग मीठ आणि दाण्याचे कूट लावून खाल्ला, आणि कवचे एकेक करून माझ्या ताटाच्या कडेला ठेवली. धाकटी बहीण समोर बसली होती. तिने काही न बोलता हात लांब करून त्यातली दोन उचलली, आणि मी उलथने घेऊन ट्रेचा तळ खरवडायला उठलो.